फॉर्म शेवटी भरा: गावाने सामूहिक वनहक्क घेऊन जंगल सांभाळायचं कसं

परवा अजून एक फोन आला. "दादा, सामूहिक वनहक्काचा फॉर्म पाठवा ना व्हॉट्सअ‍ॅपवर, रविवारी भरून टाकतो." पाठवला. नमुना क, जेमतेम दोन पानांचा कागद आहे. पण रविवारी बसून भरून टाकण्यातलं हे काम नाही, फॉर्म ही यातली सगळ्यात सोपी गोष्ट आहे आणि ती सगळ्यात शेवटी येते, म्हणून म्हटलं एकदा सगळं सविस्तर लिहूनच काढावं, म्हणजे पुढच्या फोनला हेच पाठवता येईल.

मी गडचिरोलीच्या उत्तर भागातला, आमच्या गावाच्या वनहक्क समितीचा बरीच वर्षं सचिव होतो. वकील नाही, वनखात्यातला नाही. जे चुकलं तेही सांगतो, कारण बरंच चुकलं.

आधी थोडक्यात कायदा. वनहक्क कायदा डिसेंबर २००६ मध्ये पास झाला, नियम १ जानेवारी २००८ पासून लागू झाले आणि सप्टेंबर २०१२ मध्ये नियमांत मोठी दुरुस्ती झाली. त्यामुळे कोणी २०१२ च्या आधीची पुस्तिका हातात दिली तर ती बाजूला ठेवा. वैयक्तिक दावा म्हणजे नमुना अ, कसत असलेल्या जमिनीचा, त्याला १३ डिसेंबर २००५ ची अट आणि चार हेक्टरची मर्यादा. नमुना ब म्हणजे निस्तार (घरच्या गरजेपुरतं जळतन, बांबू, गवत), गौण वनउपज, चराई, मासेमारी असले वापराचे हक्क. आणि नमुना क म्हणजे गावाच्या पारंपरिक शिवेच्या आतलं अख्खं जंगल राखायचा, वाढवायचा आणि त्याचं व्यवस्थापन करायचा हक्क, कलम ३(१)(आय), आमच्याकडं सगळे नुसतं 'तीन-एक-आय' म्हणतात. लोक ब भरतात आणि समजतात झालं. ब मध्ये जंगलातून आणायचा हक्क आहे, जंगल कसं चालवायचं ते ठरवायचा हक्क क मध्ये आहे. दोन्ही भरा.

धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) चं नाव तुम्ही ऐकलंच असेल, 'दिल्ली-मुंबईत आमचे सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार' वालं. त्यांना २००९ मध्ये सुमारे १८०० हेक्टरवर हक्क मिळाला, पण स्वतःचा बांबू विकायला वाहतूक परवान्याचं पुस्तक मिळेपर्यंत एप्रिल २०११ उजाडला, तेव्हाचे केंद्रीय मंत्री जयराम रमेश स्वतः गावात आले तेव्हा ते हातात पडलं. आता जिल्ह्यात हजाराहून जास्त गावांकडे सामूहिक हक्क आहेत, त्यातली कितीतरी गावं टायटल, म्हणजे हक्काचा दाखला, भिंतीला लावून बसलीत. कारण ज्या गावात नोंदीची वही नाही तिथं जंगलही राहत नाही, हे मी अनुभवाने सांगतोय आणि हा सगळा लेख खरं तर त्या वहीबद्दल आहे.

पहिलं काम: कोणती ग्रामसभा

इथंच निम्मी गावं घसरतात. वनहक्काची ग्रामसभा म्हणजे ग्रामपंचायतीची ग्रामसभा नाही. एका ग्रामपंचायतीत चार गावं आणि दोन टोले (वाड्या) असतील तर प्रत्येकाची वेगळी ग्रामसभा. सरपंचाने चारही गावांची मिळून एक सभा घेतली आणि ठराव केला तर तो दावा पुढं कधीतरी नक्की अडतो.

कोरम निम्म्या सदस्यांचा, आणि हजर असलेल्यांत किमान एक तृतीयांश बाया पाहिजेत. आमची पहिली सभा कोरमअभावी गेली, कारण आम्ही शहाण्यांनी ती मोहाच्या दिवसात सकाळी नऊला ठेवली होती. सगळ्या बाया पहाटेपासून मोहाखाली, आणि सभेला आम्ही बावीस पुरुष आणि एक अंगणवाडी सेविका. तेव्हापासून सभा रात्री जेवणानंतर. हजेरीचं रजिस्टर बायांचं वेगळं, पुरुषांचं वेगळं ठेवलं की मोजायला सोपं जातं आणि उद्या कोणी "कोरम होता का" विचारलं तर पान उघडून दाखवता येतं.

मग वनहक्क समिती. १० ते १५ जण, किमान एक तृतीयांश महिला, आदिवासी गाव असेल तर किमान दोन तृतीयांश अनुसूचित जमातीचे. अध्यक्ष-सचिव समितीनेच निवडायचे आणि उपविभागीय समितीला, म्हणजे एसडीओ साहेबांच्या ऑफिसला, लेखी कळवायचं. आवक शिक्का मारलेली पोच घ्या. या लेखात "पोच घ्या" मी परत लिहिणार नाही, पण प्रत्येक वाक्यानंतर ते आहे असं समजा.

सचिव निवडताना मात्र जास्त शिकलेला बघू नका, गावात राहणारा बघा. आमच्या शेजारच्या गावाने बीए झालेला पोरगा केला, तो नागपूरला कामाला गेला आणि जाताना फाईल पण गेली.

पुरावे

दोन पुरावे लागतात, दोनच. लोकं पन्नास कागद जोडतात आणि त्यातला एक दुसऱ्याशी जुळत नाही. विदर्भातल्या गावांसाठी सगळ्यात भारी कागद म्हणजे निस्तार पत्रक आणि वाजिब-उल-अर्ज, जुन्या मालगुजारी काळापासूनचे, तहसीलच्या किंवा भूमी अभिलेखच्या रेकॉर्डरूममध्ये मिळतात. त्यात लिहिलेलं असतं कुठल्या गावाचे लोक कुठून जळतन, बांबू, गवत आणायचे, गुरं कुठं चारायचे. नक्कल मागायला लेखी अर्ज करा, "साहेब नाहीत, उद्या या" हे तोंडी अर्जाला चालतं.

दुसरा पुरावा गावातच आहे. जुनी स्मशानं, देवस्थानं, पाणवठे, गुरांच्या वाटा, मोडलेल्या घरांचे चौथरे, हे सगळं नियमात पुरावा म्हणून चालतं, आणि दावेदार सोडून इतर वडीलधाऱ्या माणसांचं लेखी नोंदवलेलं सांगणंसुद्धा. अट एवढीच की लिहून घ्या, सही-अंगठा घ्या, तारीख टाका. सॅटेलाइटचा फोटो जोडीला चालतो, पण "फोटोत दिसत नाही म्हणून नाही" असं कोणाला म्हणता येत नाही, २०१२ च्या नियमात ते स्पष्ट लिहिलंय. हे वाक्य पाठ करून ठेवा, कामाला येतं.

शीव चालणे

सगळ्यात मजेचा आणि सगळ्यात भांडणाचा भाग. आधी शेजारच्या प्रत्येक गावाला पत्र द्या की अमुक दिवशी आम्ही शीव चालणार आहोत, तुमची माणसं पाठवा. वनखाते आणि महसूलला पण कळवा, त्यांनी हजर राहून सही करायची असते. आले तर चांगलं, नाही आले तर पंचनाम्यात लिहा की कळवलं होतं, आले नाहीत.

आम्ही चाललो तेव्हा मोबाईलवर जीपीएसचं फुकटातलं अ‍ॅप होतं आणि सोबत गावातले सगळ्यात म्हातारे आजोबा. एका नाल्यापाशी अ‍ॅपवरचा नकाशा म्हणत होता कक्ष (वनखात्याने जंगलाचा पाडलेला नंबरवार तुकडा) संपला. आजोबा थांबलेच नाहीत. काठी टेकत सरळ वर चढले, सालईच्या झाडांत एक हत्तीच्या पाठीसारखा गोटा होता, त्याच्यामागं पाचोळा काठीने बाजूला केला तर खाली खात्याचा जुना मुनारा, म्हणजे हद्दीचा खांब, अर्धा गाडलेला, वरचा आकडा पुसट. "इथवर बैलं यायची आमची," म्हणाले, आणि बसून तंबाखू मळायला लागले. पलीकडच्या गावची दोन माणसं सोबत होती, तीही काही बोलली नाहीत. तो पॉइंट घेतला, फोटो घेतला, गोट्याचं गोंडी नाव वहीत लिहिलं. नुसते अक्षांश-रेखांश लिहिले असते तर पाच वर्षांनी कोणालाच ती जागा सापडली नसती.

दोन गावांचा दावा एकाच तुकड्यावर येत असेल तर दोन्ही समित्यांनी एकत्र बसून काय ठरलं ते लेखी आपापल्या ग्रामसभेला द्यायचं. नाहीच मिटलं तर उपविभागीय समितीकडे जातं. माझं मत विचाराल तर तिकडं जाऊच देऊ नका, चहा पाजा, बकरा लागला तरी कापा, पण गावातच मिटवा. तो तुकडा दोन्ही गावांनी मिळून वापरायचा असंही लिहिता येतं.

आता फॉर्म भरा. गावाचं नाव, सदस्यांची यादी, नकाशा, कक्ष क्रमांक किंवा खसरा क्रमांक, सीमेवरची गावं, पुराव्यांची यादी. समितीने ग्रामसभेपुढं मांडायचा, ग्रामसभेने ठराव करून पाठवायचा. ठराव साधा लिहा: "आज दिनांक अमुक रोजी ग्रामसभेने वनहक्क समितीचा अहवाल वाचून, सोबतच्या नकाशातील क्षेत्रावर कलम ३(१)(आय) प्रमाणे हक्काचा दावा मान्य करून उपविभागीय समितीकडे पाठविण्याचे ठरविले." भाषण नको.

तिथून पुढं पाठपुरावा. फेटाळायचं असेल तर कारण लेखी द्यावं लागतं आणि त्यावर ६० दिवसांत वरच्या समितीकडे जाता येतं, उपविभागीयवरून जिल्हास्तरीयकडे. अनुसूचित क्षेत्रात २०२० पासून त्याच्याही वर विभागीय समिती आहे. आमची फाईल एका ऑफिसात चौदा महिने सापडतच नव्हती, मग एक दिवस सापडली, दुसऱ्या गावाच्या गठ्ठ्यात. पोच होती म्हणून निदान शोधायला लावता आलं.

टायटल आलं की फोटोआधी वाचा

कार्यक्रम होतो, हार-तुरे होतात, साहेब पाकीट देतात. पाकीट तिथंच उघडा. तीन गोष्टी बघा: हक्क ग्रामसभेच्या नावावर आहे की कुठल्या तरी दुसऱ्याच समितीच्या, क्षेत्र दाव्याएवढं आहे की गपचूप कमी केलंय, आणि खाली बारीक अक्षरात कायद्यात नसलेल्या अटी घातल्यात का, "वनखात्याच्या कार्य आयोजनेच्या (वर्किंग प्लॅनच्या) अधीन राहून" वगैरे. चूक असेल तर आठवड्यात ग्रामसभा घेऊन दुरुस्तीचा अर्ज द्या. नंतर कोणी ऐकत नाही. टायटलनंतर महसूल आणि वनखात्याच्या रेकॉर्डमध्ये तीन महिन्यांच्या आत नोंद व्हायला पाहिजे, तीही मागून घ्या. आणि एक गैरसमज आत्ताच काढून टाका, या हक्कात साग तोडून विकायची परवानगी नाही. गौण वनउपज तुमचं, बांबू आणि तेंदू त्यात आलं, इमारती लाकूड नाही.

आराखडा, पण डोक्यातला नाही, कागदावरचा

नियम ४(१)(ई) प्रमाणे ग्रामसभेने जंगल राखायला समिती नेमायची आणि त्या समितीने आराखडा करायचा. बाजारात यासाठी लाखभर रुपयात रंगीत अहवाल करून देणारे फिरतात, आणि एका गावच्या अहवालात दुसऱ्या गावच्या नदीचं नाव मी स्वतः पाहिलंय. तुमचा आराखडा तुम्हीच करा, मदत घ्या पण करा तुम्हीच.

जंगलाचे तुकडे गावातल्या नावाने पाडा, कक्ष क्रमांक बाजूला लिहा. मग प्रत्येक तुकड्यात दहा मीटर बाय दहा मीटरचे चौकोन दोरीने आखा, पाच-सात ठिकाणी, चांगलं जंगल आणि उघडं जंगल दोन्ही येईल असे. एक हेक्टर म्हणजे असले शंभर चौकोन, त्यामुळे हिशोब सोपा. चौकोनात मोजायचं काय, तर मोठी झाडं, मनगटाएवढी झाडं, गुडघ्याखालची रोपं आणि तोडलेले बुंधे, जातीप्रमाणे. शाळेतली पोरं हे मोठ्यांपेक्षा भारी करतात.

आम्ही केलं तेव्हा गावालगतच्या पट्ट्यात मोह भरपूर निघाला, पण सगळा म्हातारा. रोप एकही नाही. कोणाच्या डोक्यातच आलं नव्हतं. कारण सगळ्यांना माहीत, फुलं वेचायला सोपं जावं म्हणून झाडाखालचा पाला पेटवायचा, त्यात रोप जळतं, आणि उरलेल्या टोऱ्या (मोहाच्या बिया) तेलासाठी जातात. म्हणजे आजोबाच्या लावलेल्या झाडावर नातू बसलाय आणि त्याच्या नातवाला काही नाही. मग ठराव झाला की झाडाखाली पेटवायचं नाही, झाडून घ्यायचं किंवा जाळी-जुन्या साड्या अंथरायच्या, आणि प्रत्येक घराने पाच झाडांखाली थोड्या टोऱ्या तशाच सोडायच्या. पहिल्या वर्षी निम्म्यांनी पाळलं. खोटं कशाला बोलू.

चारोळीचं पण तसंच. आपण थांबलो तर दुसरा तोडून नेईल या भीतीने सगळे कच्चीच तोडतात, फांद्यासकट, आणि कच्च्या बीला भाव येत नाही. याला बंदी चालत नाही, तारीख चालते. ग्रामसभेने फळं बघून ठरवायचं की अमुक दिवसापासून चारोळी तोडायची, त्याआधी कोणीच नाही, अध्यक्षाची बायको पण नाही. शेजारच्या गावांनी तीच तारीख धरली तरच जमतं, म्हणून कोरची तालुक्यातल्या ग्रामसभांनी मिळून महाग्रामसभा केली तसं काहीतरी लागतं, तिथं प्रत्येक गावातून दोन बाया आणि दोन पुरुष जातात.

बांबूचे नियम थोडक्यात: पावसाळ्यात तोड बंद, तेव्हा वास्ते (नवे कोंब) निघतात. यंदाचा आणि मागच्या वर्षीचा बांबू तोडायचा नाही. जमिनीलगत पहिल्या-दुसऱ्या पेराच्या वर कापायचं, फार वरून नाही, नाहीतर बेट गुंतून जातं. अख्खं बेट साफ करायचं नाही. जंगलाचे तीन-चार भाग करून दरवर्षी एकाच भागात तोड.

आणि काही भाग असा ठेवा जिथं काहीच करायचं नाही. देवराई, नाल्याचे उगम, खडा उतार.

तेंदू आणि पैसा

खरी परीक्षा इथं आहे. तेंदूपत्त्याचा पैसा मे महिन्यात एकदम येतो आणि गाव फोडतो. आपल्याकडं ७० पानांचा एक पुडा, १००० पुड्यांची एक प्रमाण गोणी, म्हणजे ७० हजार पानं. एखाद्या घराने दिवसाला २०० पुडे बांधले तर पाच दिवसांत एक गोणी होते. फळीवर, म्हणजे पानं जमा करायच्या जागी, रोज संध्याकाळी पुडे मोजले जातात, आणि मोजणाऱ्याच्या शेजारी ग्रामसभेचा माणूस, शक्यतो बाई, स्वतःच्या वहीत तेच आकडे लिहायला पाहिजे. ठेकेदाराच्या मुन्शीच्या वहीवर विसंबलात की मेलात, "पान खराब होतं" म्हणून दर फळीवर काही शेकडा पुडे जातात.

विक्री जाहिरात देऊन, बोली सगळ्या गावासमोर उघडून. करारात मजुरीचा दर, रॉयल्टीचा दर, हप्त्यांच्या तारखा आणि माल उचलायच्या आधी किती रक्कम जमा पाहिजे ते लिहा. आमचं इथंच बुडालं. एका वर्षी सगळ्यात जास्त बोली बोलणाऱ्याला दिलं, बँक गॅरंटी मागितली नाही, माल गेला आणि शेवटचा हप्ता आजवर आलेला नाही. दुसऱ्या नंबरची बोली कमी होती, पण त्याने मागच्या गावाला वेळेवर पैसे दिले होते. अशी चौकशी एका फोनवर होते.

ग्रामसभेच्या नावाने वेगळं बँक खातं आणि पॅन काढा, ग्रामपंचायतीच्या खात्यात पैसा घेऊ नका. तीन सह्या, त्यातली एक बाईची. मजुरी कष्टाप्रमाणे, रॉयल्टीतला किती भाग बोनस म्हणून वाटायचा आणि किती जंगलाच्या कामाला ठेवायचा हे हंगामाच्या आधी ठरवा, पैसा बघितल्यावर नाही. वाहतूक परवाना ग्रामसभेची समिती देऊ शकते, त्याला फी नाही, पण त्याची पण वही पाहिजे: नंबर, गाडी, माल, कुठून कुठं.

तेंदू घ्यायलाच पाहिजे असंही नाही बरं का. चंद्रपूर जिल्ह्यातल्या पाचगावने तेंदू बंदच केलं, कारण जास्त पानं येण्यासाठी झाडं तोडतात-छाटतात, आगी लागतात, आणि बांबूवर भागत होतं. अमरावतीच्या पायविहीरने सीताफळं स्वतःच्या ब्रँडने विकली. प्रत्येक गावाचं जंगल वेगळं, गणित वेगळं.

राखण

फेब्रुवारीच्या आत जाळरेषा (आग पसरू नये म्हणून मोकळा ठेवलेला पट्टा) साफ करा, रोजगार हमीत बसत असेल तर त्यातून. आग दिसली की कोणाला फोन, कोण पाण्याचे ड्रम आणि कोण ओल्या फांद्या घेऊन येणार, याची नावानिशी यादी करा. रोजच्या गस्तीसाठी ओडिशातल्या गावांची ठेंगापल्ली मला फार आवडते: एक काठी, रात्री ज्याच्या दाराशी ठेवली त्या घराने दुसऱ्या दिवशी जंगल फिरायचं आणि संध्याकाळी काठी शेजाऱ्याच्या दाराशी. पगार नाही, मीटिंग नाही. आम्ही तेच उचललं, फक्त काठीसोबत एक छोटी डायरी बांधली, फिरून आल्यावर दोन ओळी लिहायच्या. काय लिहितात लोक! "नाल्याकडं तीन बुंधे ताजे." "अस्वल दिसली, पिल्लू सोबत." "काही नाही, पाय दुखते."

कोणी तोडताना सापडला तर मारहाण अजिबात नको. पंचनामा करा, फोटो घ्या, माल जप्त केल्याची नोंद करा, बीटगार्डला बोलवा. गावातला असेल तर ग्रामसभेत दंड, आणि दंड वसूल झाल्याची पावती. सरपंचाच्या भाच्याला माफ केलं की तिथून पुढं कोणाकडूनच वसूल होत नाही, आम्ही ते पण करून बघितलंय.

आता वह्या किती झाल्या मोजा: ठराव, हजेरी, गस्त, तेंदू-बांबूचा हिशोब, परवाने, दंड, बँकेचं पासबुक. सहा वह्या आणि एक पासबुक. आमच्या पहिल्या दोन वर्षांच्या तेंदूच्या पावत्या समाजमंदिराच्या कपाटात वाळवीने खाल्ल्या, आणि तो हप्ता बुडवणारा ठेकेदार नेमका त्याच वर्षांतला. आता पत्र्याची पेटी आहे, खाली चार विटा, आत कडुनिंबाचा पाला, दर महिन्याला पानांचे फोटो तीन वेगवेगळ्या मोबाईलमध्ये. किल्ल्या दोन: एक अध्यक्षबाईंकडं, एक माझ्यानंतरच्या सचिवाकडं.